शेतावरून जाणारी वीजवाहिनी : संमती, सुनावणी आणि मोबदला

नांदेड शहरालगत गोदावरीच्या काठी वसलेले विष्णुपुरी हे गाव आज साऱ्या महाराष्ट्राला परिचित आहे, ते तेथील उपसा जलसिंचन प्रकल्पामुळे. डॉ. शंकरराव चव्हाण यांचे नाव लाभलेल्या या प्रकल्पात गोदावरीचे पाणी अडवून ते पंपांच्या साहाय्याने वर उचलले जाते व उंचावरील शेतजमिनींकडे नेले जाते. प्रवाही सिंचनात पाणी उताराने आपोआप वाहते. उपसा सिंचनात मात्र ते विजेच्या बळावर चढवावे लागते. पंप थांबले की कालवा कोरडा पडतो. पुढे याच परिसरात अभियांत्रिकी महाविद्यालय, वैद्यकीय महाविद्यालय आणि स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ उभे राहिले. या साऱ्यांना वीज हवी आणि ती आणण्यासाठी वाहिन्या हव्यात.

वाहिनी मात्र आकाशातून जात असली तरी तिचे पाय जमिनीत असतात. दूरच्या वीजकेंद्राकडून निघालेली अति उच्च दाबाची वाहिनी शेकडो शेतांच्या बांधांवरून पुढे सरकते. कोणाच्या शेताच्या ऐन मध्यभागी मनोरा येतो, कोणाच्या आमराईवरून तारा जातात, तर कोणाचे घर बांधण्याचे मनसुबे जागच्या जागी राहतात. ज्याच्या शेतात मनोरा उभा राहतो त्याच्याच पंपाला त्या तारांतील वीज मिळते असेही नाही. ती वीज थेट उपकेंद्रात जाते आणि तेथून दाब कमी होऊन इतरत्र वाटली जाते. लाभ अनेकांचा आणि भार थोड्यांचा, असा हा प्रकार आहे. म्हणूनच ज्यांच्यावर हा भार पडतो त्यांचे म्हणणे कोणी, केव्हा आणि कशा रीतीने ऐकावे, हा प्रश्न महत्त्वाचा ठरतो. कायद्याने त्याची उत्तरे दिलेली आहेत; परंतु ती माहीत नसल्यामुळे अनेकदा शेतकरी चुकीच्या दाराशी ताटकळत राहतो आणि योग्य दार उघडे असण्याची मुदत निघून जाते.

मालकी शेतकऱ्याची, वापर वाहिनीचा

प्रथम एक गोष्ट स्पष्ट करावयास हवी. वीजवाहिनीसाठी सामान्यतः जमीन संपादन केली जात नाही. धरणासाठी वा रस्त्यासाठी जमीन घेतली जाते तेव्हा मालकी शासनाकडे जाते. वाहिनीच्या बाबतीत सातबाऱ्यावरील नाव तेच राहते. कंपनीला मिळतो तो केवळ वापराचा अधिकार.

या तत्त्वाचे मूळ १८८५ च्या भारतीय तार अधिनियमात आहे. तारायंत्राचे खांब खाजगी जमिनीतून नेता यावेत म्हणून ब्रिटिश राजवटीत केलेल्या या कायद्याच्या कलम १० मध्ये तीन गोष्टी सांगितल्या आहेत : तार प्राधिकरणास वापरापलीकडे कोणताही हक्क मिळणार नाही, काम करताना शक्य तितके कमी नुकसान करावे, आणि झालेल्या नुकसानीबद्दल सर्व हितसंबंधी व्यक्तींना पूर्ण भरपाई द्यावी. यातील ‘सर्व हितसंबंधी’ हे शब्द ध्यानात ठेवण्याजोगे आहेत. केवळ मालकच नव्हे, तर कसणारे कूळ व सहहिस्सेदार यांचे नुकसान झाले असेल तर त्यांचाही भरपाईवर हक्क पोहोचतो.

पुढे १९१० च्या वीज अधिनियमाने मालकाच्या संमतीचे तत्त्व मान्य केले, तर १९४८ च्या वीज पुरवठा अधिनियमाने वीज मंडळांना मंजूर योजनांपुरते तार प्राधिकरणाचे अधिकार वापरण्याची मुभा दिली. महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळाची स्थापना १९६० मध्ये झाली आणि या अधिकारांच्या बळावर राज्यभर वाहिन्यांचे जाळे विणले गेले. २००३ च्या विद्युत अधिनियमाने जुने कायदे रद्द केले. २००५ मध्ये मंडळाचे विभाजन होऊन निर्मिती, पारेषण व वितरण यांच्या स्वतंत्र कंपन्या झाल्या. संमतीचे आणि अधिकाराचे हे दोन प्रवाह मात्र नव्या कायद्यातही कायम राहिले. तार अधिनियमाची जागा घेण्यासाठी केलेल्या २०२३ च्या दूरसंचार अधिनियमातही वीजवाहिन्यांपुरता जुन्या अधिनियमाचा तिसरा भाग पुढे चालू ठेवण्यात आला आहे. तारायंत्र इतिहासजमा झाले. त्याच्या खांबांसाठी केलेला कायदा मात्र आजही चारशे किलोव्होल्टच्या मनोऱ्यांना लागू होतो.

पहिली वाट : संमती आणि जिल्हादंडाधिकारी

शेतातून वाहिनी जाणार असे कळताच शेतकऱ्याने पहिला प्रश्न विचारावा तो असा, की हे काम कोणत्या कलमाखाली होत आहे? कारण त्यावर पुढील सारी वाट ठरते.

गावातील वितरणाच्या वाहिन्या, त्यांचे खांब व रोहित्रे ही कामे सामान्यतः विद्युत अधिनियमाच्या कलम ६७ खाली येतात. या कलमाखाली केंद्र शासनाने २००६ मध्ये केलेल्या नियमांनी घालून दिलेला क्रम असा आहे. परवानाधारक कंपनीने मालकाची वा भोगवटादाराची पूर्वसंमती घ्यावी. त्याने हरकत घेतल्यास कंपनीने जिल्हादंडाधिकारी, पोलीस आयुक्त किंवा शासनाने प्राधिकृत केलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी मिळवावी. तशी परवानगी देताना संबंधितांचे निवेदन विचारात घेऊन भरपाईची रक्कम, वार्षिक भाडे अथवा दोन्ही ठरवावे. हा आदेश मान्य नसल्यास विद्युत नियामक आयोगाकडे, म्हणजे आपल्या राज्यात महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाकडे, पुनरीक्षणासाठी जाता येते. पुरेसे कारण दाखविल्यास उभा राहिलेला खांब हलविण्याचा वा बदलण्याचा आदेशही जिल्हादंडाधिकारी देऊ शकतात.

दुसरी वाट : कलम १६४ चे अधिकार

अति उच्च दाबाच्या पारेषण वाहिन्यांची गोष्ट वेगळी आहे. विद्युत अधिनियमाच्या कलम १६४ अन्वये शासन लेखी आदेशाने एखाद्या कंपनीस तार प्राधिकरणाचे अधिकार देऊ शकते. महापारेषण कंपनीस असे अधिकार देण्यात आलेले आहेत. असे अधिकार असतील तर मालकाच्या पूर्वसंमतीची आवश्यकता नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने पॉवर ग्रिड कॉर्पोरेशन विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या प्रकरणी डिसेंबर २०१६ मध्ये स्पष्ट केले. शेकडो मालकांपैकी एकाने नकार दिला म्हणून साऱ्या प्रदेशाचा वीजपुरवठा अडून राहू नये, ही त्यामागची भूमिका आहे.

याचा अर्थ शेतकऱ्याच्या हाती काहीच उरत नाही असा नव्हे. संमतीची अट नसते तेथे कार्यपद्धती हेच त्याचे संरक्षण असते. तार अधिनियमाच्या कलम १६ प्रमाणे कामास विरोध झाल्यास जिल्हादंडाधिकारी ‘आपल्या विवेकाधिकारात’ काम करू देण्याचा आदेश देऊ शकतात. विरोध नोंदविला गेल्यावर असा आदेश न घेता बळाने काम पुढे रेटणे कायद्याला अभिप्रेत नाही. त्याचप्रमाणे आदेश झाल्यानंतर काम अडविणे हा अपराध ठरतो, हेही शेतकऱ्याने जाणून घ्यावे. म्हणजेच हरकतीची वेळ आदेशापूर्वीची आहे आणि ती हरकत लेखी असली पाहिजे. बांधावर झालेली शब्दाशब्दी कोणत्याही नस्तीत नोंदली जात नाही. पोचपावती घेतलेला एका पानाचा अर्ज मात्र नोंदला जातो.

ऐकून घेणे म्हणजे काय?

कलम १६ मध्ये सुनावणी हा शब्द नाही. तथापि विवेकाधिकार वापरावयाचा म्हणजे दोन्ही बाजू समोर असावयास हव्यात, हे ओघानेच आले. एकाच बाजूचा नकाशा पाहून दिलेली परवानगी हा विवेक नव्हे, केवळ शिक्कामोर्तब होय. कोणाच्याही हक्कावर परिणाम करणारा निर्णय घेण्यापूर्वी त्याला आपले म्हणणे मांडण्याची संधी द्यावी, हे नैसर्गिक न्यायाचे तत्त्व आपल्या न्यायालयांनी वेळोवेळी दृढ केले आहे. मनेका गांधी प्रकरणी १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कायद्याने घालून दिलेली कार्यपद्धती न्याय्य, उचित आणि वाजवी असली पाहिजे, असे सांगितले ते जीवित व व्यक्तिस्वातंत्र्याच्या संदर्भात; पण त्या विचाराचा प्रभाव प्रशासनाच्या सर्वच क्षेत्रांवर पडला.

त्याच वर्षीच्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांच्या यादीतून वगळला गेला. तथापि अनुच्छेद ३००-क अन्वये कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणाचीही मालमत्ता हिरावून घेता येत नाही. या अनुच्छेदाचा अर्थ लावताना सर्वोच्च न्यायालयाने मे २०२४ मध्ये कोलकाता महानगरपालिकेच्या प्रकरणात सात उपहक्कांची मांडणी केली : नोटीस मिळण्याचा, ऐकून घेतले जाण्याचा, सकारण निर्णय मिळण्याचा, सार्वजनिक प्रयोजन दाखविले जाण्याचा, न्याय्य भरपाईचा, कार्यवाही कार्यक्षमतेने व वेळेत होण्याचा आणि ती शेवटास नेली जाण्याचा हक्क. ते प्रकरण भूसंपादनाचे होते. वाहिनीच्या बाबतीत जमीन संपादित होत नाही, हा फरक लक्षात ठेवूनही हे सात प्रश्न कोणत्याही वाहिनीच्या नस्तीला विचारून पाहण्यासारखे आहेत.

सुनावणीत काय मांडावे, हेही समजून घेतले पाहिजे. ‘माझ्या शेतातून वाहिनी नको’ एवढेच म्हणणे सहसा टिकत नाही. ‘मनोरा वीस मीटर पूर्वेस, बांधालगत घेतल्यास विहीर वाचते आणि वाहिनीची दिशा बदलत नाही’ हे म्हणणे तपासता येते, त्यावर अभियंत्याला उत्तर द्यावे लागते आणि ते उत्तर आदेशात उमटावे लागते. शक्य तितके कमी नुकसान करण्याचे कंपनीवरील बंधन अशाच नेमक्या प्रश्नांतून प्रत्यक्षात येते. अर्थात वाहिनीचा प्रत्येक कोन खर्च वाढवितो आणि एका शेतातून टळलेला मनोरा शेजारच्या शेतात जातो, हेही खरे. म्हणूनच शेजाऱ्यालाही नोटीस मिळाली पाहिजे.

मोबदल्याचे गणित

बहुतेक वादांचे मूळ अखेरीस रकमेत असते. पूर्वी मोडलेले पीक आणि तोडलेली झाडे यांच्या भरपाईवरच बहुधा प्रकरण मिटविले जाई. मनोऱ्याने कायमची अडविलेली जागा आणि तारांखालील पट्ट्यावर आलेले निर्बंध यांचा हिशेब होत नसे. वस्तुतः या पट्ट्यात घर बांधता येत नाही, उंच वाढणारी झाडे ठेवता येत नाहीत आणि विंधन विहिरीचे यंत्र उभे करणे प्राणघातक ठरू शकते. साधारणपणे १३२ किलोव्होल्टच्या वाहिनीसाठी २७ मीटर आणि २२० किलोव्होल्टच्या वाहिनीसाठी ३५ मीटर रुंदीचा पट्टा धरला जातो.

राज्य शासनाने १ नोव्हेंबर २०१० आणि ३१ मे २०१७ रोजी शासन निर्णय काढून याबाबतचे धोरण आखले. २०१७ च्या निर्णयाने मनोऱ्याखालील जमिनीसाठी तिच्या मूल्याच्या दुप्पट व तारांखालील पट्ट्यासाठी १५ टक्के मोबदल्याची तरतूद झाली. दरम्यान केंद्र शासनाने ऑक्टोबर २०१५ मध्ये आपली मार्गदर्शक तत्त्वे काढली होती. १४ जून २०२४ रोजी त्यांत वाढ करून मनोऱ्याच्या जागेसाठी जमिनीच्या मूल्याच्या २०० टक्के आणि पट्ट्यासाठी ३० टक्के असे दर सुचविण्यात आले. मनोऱ्याची जागा म्हणजे त्याच्या चार पायांमधील क्षेत्र व प्रत्येक बाजूस आणखी एक मीटर, असेही त्यात स्पष्ट केले आहे. ही तत्त्वे राज्यांनी आहेत तशी वा फेरबदलासह स्वीकारावयाची असतात. त्यामुळे आपल्या शेतावरील वाहिनीस कोणता निर्णय व कोणता दर लागू केला आहे, हे शेतकऱ्याने नोटीस मिळताच लेखी विचारून घ्यावे.

एक उदाहरण घेऊ. समजा, जमिनीचे मूल्य हेक्टरी २० लाख रुपये, म्हणजे चौरस मीटरला २०० रुपये ठरले. एका शेतकऱ्याच्या शेतात दहा मीटर बाजूचा मनोरा आला. दोन्ही बाजूंचा एकेक मीटर धरून क्षेत्र होते १४४ चौरस मीटर. त्याचे मूल्य २८,८०० रुपये आणि दुप्पट दराने मोबदला ५७,६०० रुपये. शेजारच्या शेतात मनोरा नाही, पण २२० किलोव्होल्टच्या तारा शंभर मीटर लांबीवरून जातात. पट्ट्याचे क्षेत्र ३,५०० चौरस मीटर व मूल्य ७ लाख रुपये. पंधरा टक्क्यांनी त्याचे १,०५,००० रुपये होतात, तीस टक्क्यांनी २,१०,००० रुपये. मोजणीत शंभराऐवजी ऐंशी मीटर लिहिले गेले तर तीस टक्के दराने तो शेतकरी ४२,००० रुपयांना मुकतो. यावरून ध्यानात येईल की दराइतकेच महत्त्व मोजमापाला आहे. म्हणून पंचनामा शेतकऱ्याच्या समक्ष व्हावा, त्याची प्रत त्याला मिळावी आणि मान्य नसेल तर ‘मान्य नाही’ असे लिहूनच त्यावर सही करावी.

पिकांची व झाडांची भरपाई याहून वेगळी असते. विद्युत अधिनियमाच्या कलम ६८ प्रमाणे वाहिनी येण्यापूर्वी अस्तित्वात असलेले झाड तोडावे लागल्यास वाजवी भरपाई द्यावी लागते. वाहिनीनंतर लावलेल्या झाडाला ती मिळत नाही. आंबा, चिंच वा मोसंबी यांची संख्या, वय आणि उत्पन्न यांची नोंद काम सुरू होण्यापूर्वीच झालेली बरी.

रक्कम अपुरी वाटल्यास

तार अधिनियमाखालील प्रकरणात भरपाई अपुरी वाटल्यास जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करता येतो. रक्कम कोणाला व किती वाटावी याबद्दल वाद असेल तर कंपनीने ती न्यायालयात भरावयाची असते आणि न्यायालय वाटणी ठरविते. वारसांच्या नोंदी अपुऱ्या राहिलेल्या सातबाऱ्यांवर ही तरतूद विशेष उपयोगी पडते. रक्कम किती याबाबत कोणतेही एक ठरीव सूत्र नाही. केरळ राज्य विद्युत मंडळाच्या एका प्रकरणात २००७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की जमीन कोठे आहे, तारा तिच्या कडेने जातात की मधोमध, किती लांबीवरून जातात, जमिनीचा तुकडा किती लहान आहे, या गोष्टी पाहून प्रत्येक प्रकरणाचा स्वतंत्र विचार झाला पाहिजे. दोन एकरांच्या मधोमध आलेली वाहिनी आणि वीस एकरांच्या कोपऱ्यातून गेलेली वाहिनी यांची एकाच मापाने तुलना होऊ शकत नाही.

येथे मुदतीचा मुद्दा निर्णायक आहे. केरळमधीलच दुसऱ्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७६ मध्ये असा निर्णय दिला की अशा अर्जालाही मुदत अधिनियमाचा अनुच्छेद १३७ लागू होतो. म्हणजे हक्क निर्माण झाल्यापासून तीन वर्षांच्या आत अर्ज केला पाहिजे. आश्वासनांवर विसंबून कार्यालयांचे उंबरठे झिजविण्यात ही तीन वर्षे गेली, तर खरी तक्रारही ऐकली जात नाही. ज्यांना वकिलाचा खर्च झेपत नाही त्यांच्यासाठी १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाखाली जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. स्त्रिया तसेच अनुसूचित जाती व जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता तेथे मोफत साहाय्य मिळू शकते.

आणखी एक फारसा परिचित नसलेला हक्क तार अधिनियमाच्या कलम १७ मध्ये आहे. पुढे जमिनीचा वापर बदलावयाचा झाल्यास मालक वाहिनी त्याच जमिनीच्या दुसऱ्या भागात हलविण्याची अथवा तिची उंची बदलण्याची मागणी करू शकतो. पूर्वी भरपाई घेतली असल्यास हलविण्याचा खर्च अथवा भरपाईची निम्मी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती मागणीसोबत द्यावी लागते. कंपनीने दाद न दिल्यास जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो.

दोन्ही बाजूंचे कर्तव्य

शेतकऱ्याच्या दृष्टीने सांगावयाचे तर चार कागद जपून ठेवावेत : मिळालेली नोटीस, आपल्या हरकतीची पोचपावती, पंचनाम्याची प्रत आणि जिल्हादंडाधिकाऱ्यांचा आदेश. सातबारा व वारस नोंदी आधीच दुरुस्त करून घ्याव्यात. कोरड्या कागदावर अंगठा वा सही देऊ नये. अंतिम म्हणून देऊ केलेली रक्कम मान्य नसेल तर ‘हक्क राखून स्वीकारली’ असे लिहून ती घ्यावी.

यंत्रणेच्या दृष्टीनेही हे कर्तव्य ओझे नव्हे. नोटीस शेतकऱ्याला समजेल अशा मराठीत असावी, तीत कलम, गट क्रमांक, वाहिनीचा दाब, पट्ट्याची रुंदी व लागू दर नमूद असावा, सुनावणी पेरणीच्या वा काढणीच्या ऐन दिवसांत ठेवू नये आणि आदेशात प्रत्येक हरकतीला एका ओळीचे का होईना, उत्तर असावे. एवढे केल्याने काम लांबते असे कोणास वाटेल. परंतु ज्याला कोणी विचारले नाही त्याचा विरोध वर्षानुवर्षे टिकतो. ज्याचे म्हणणे ऐकून नाकारले, त्याला निदान का नाकारले हे कळते आणि पुढचे दार कोणते तेही कळते.

विष्णुपुरीचे पाणी चढावरच्या शिवारात पोहोचते त्यामागे विजेचे बळ आहे आणि त्या विजेमागे वाटेत मनोरे उभे असलेल्या अनेक अनाम शेतांचा वाटा आहे. त्या शेतांच्या मालकांना वाहिनी अडविण्याचा अधिकार कायद्याने दिला नसेल. पण ती येण्यापूर्वी विचारले जाण्याचा, उत्तर मिळण्याचा आणि पुरेपूर मोबदला घेण्याचा अधिकार निश्चितच दिला आहे. तो वेळेवर बजावणे शेतकऱ्याच्या हाती आहे आणि तो राखणे प्रशासनाच्या.